जावयाचं गाऱ्हाणं

दोन हजार चार साल. मनोहर तेव्हा अठ्ठावीस वर्षांचा होता आणि माझ्या मुलीला बघायला आमच्या घरी आला होता. ओटीवर चटया घातलेल्या. पाहुणे बसले, पाणी झालं, भाताच्या आणि आंब्याच्या गोष्टी झाल्या. आतून सुषमा बशा घेऊन आली, तसा हा मुलगा एकदम पुढे वाकला, बशीत बघितलं आणि शेजारी बसलेल्या आपल्या मामाच्या मांडीवर थाप मारून म्हणाला, "शिरा! काढ दहा रुपये." येताना गाडीत दोघांची पैज लागली होती, पोहे मिळणार की शिरा. माझी मुलगी त्याने त्यानंतर बघितली. मामाने खरंच दहाची नोट काढून दिली. सगळे हसले. मीही हसलो. माझी बायको तेवढी हसली नाही. पाहुणे गेल्यावर म्हणाली, "मुलगा बरा आहे, पण बशीकडे फार बघतो."

मी तिला गप्प केलं. मुलगा हसतमुख होता, संगमेश्वरला स्टँडवर स्वतःची रिक्षा होती, दारू नाही, तंबाखू नाही, मुंबईला पळायचं वेड नाही. आणखी काय बघायचं असतं? लग्न झालं.

मी चिऱ्याचा गवंडी. जांभ्या दगडाची घरं बांधण्यात जन्म गेला. शाळा चौथीपर्यंत, तीही धड नाही. लिहिण्याबिहिण्याच्या भानगडीत मी कधी पडलो नाही. पण मनोहरबद्दल लोक वाटेल ते बोलतात, आणि त्यात जास्त करून खोटं असतं. ते मला सहन होत नाही, म्हणून बसलोय लिहायला.

त्याचा एक शब्द होता, "लागली?" शब्दाबरोबर उजवा तळवा पुढे यायचा. फणस फोडायच्या आधी आत गरे किती, लागली? बोरिवली गाडी आधी येते की देवरूख गाडी, लागली? स्टेशनला जाणारं गिऱ्हाईक घाईत असलं की म्हणायचा, "रेल्वे चुकली तर भाडं नको. लागली?" अशी किती भाडी घालवली त्याने. पण म्हाताऱ्या बायका त्याचीच रिक्षा शोधत यायच्या. एखादीकडे सुटे नसले तर "ऱ्हाऊंदे गो आजी, परत येशील तेव्हा दे" म्हणून मोकळा व्हायचा. हरला म्हणून त्याचं तोंड पडलेलं मी कधी बघितलं नाही. "आज त्याचा दिवस, उद्या माझा," एवढंच बोलायचा. असा माणूस आवडतो लोकांना. मलाही आवडायचा, खोटं कशाला सांगू.

पत्ते तो पहिल्यापासून खेळायचा, पण गणपतीत. गणपतीत कोण खेळत नाही? आरती झाली, प्रसाद झाला की अख्खी वाडी चटईवर. गणपती गेले की पत्ते कपाटात. मग तो मोठ्या काचेचा फोन आला. फोनमधल्या पत्त्यांना विसर्जन नाही. रिक्षा झाडाखाली लावून हा मागच्या सीटवर आडवा, आणि गिऱ्हाईक बाहेरून टप वाजवतंय, "मनोहर, येतोस काय रे?" आतून उत्तर, "थांब, येवढा एक डाव." गिऱ्हाईक दुसऱ्या रिक्षात बसून घरी जाऊन जेवलं तरी याचा डाव संपलेला नसायचा.

मी एकदा विचारलं, "जावईबापू, तुम्ही हरता ते कोणाकडून?"

आमच्याकडे जावई सासऱ्याला मामाच म्हणतो. म्हणाला, "मामा, तां कुठे कळतंय? समोर मानूस दिसला असता तर लाजेखातर तरी उठलो असतो."

आधी सुषमाच्या बांगड्या गेल्या. मग मंगळसूत्रातल्या वाट्या गेल्या, त्या जागी पितळेच्या आल्या. रिक्षाचे हप्ते थकले. सुषमा काजूच्या कारखान्यात बिया सोलायला जायला लागली. त्या बियांच्या तेलाने बोटं काळी पडतात, सालटी निघतात. एकदा आली तेव्हा पदराखाली हात लपवून बसली होती. चहाचा कप घ्यायला हात काढावा लागला तेव्हा मला दिसलं.

आणि दारात लोक. एकेकाकडून घेतलेले, प्रत्येकाला वेगळं कारण सांगून, आणि प्रत्येकाला "कुनाला बोलू नको हां, फक्त तुझ्याकडेच मागितले" असं बजावून. मागायला आले की हा माळ्यावर चढायचा आणि सुषमा दारातून सांगायची, "घरात नाय. राजापूरला गेले." दर वेळी राजापूर. शेवटी भिकाजीआबा नावाचे वाडीतले म्हातारे वैतागून म्हणाले, "गो सुषमा, राजापूरला त्याने दुसरी सासुरवाडी केलीय काय?"

आता कोणी म्हणेल, सासरा होतास ना, मग दोन कानफटात का नाही मारल्यास? हेच तर दुखणं. मी उभ्या आयुष्यात कोणाची भीड धरली नाही. बंगल्याचा मालक असला तरी भिंत वाकडी सांगतोस असं तोंडावर बोललोय. पण जावई दारात आला की त्याला तांब्या द्यायचा, पाट मांडायचा, आधी वाढायचं. आमच्यात हेच चालत आलंय आणि मी ते मोडणारा नव्हतो. मनोहरला हे पक्कं ठाऊक. मी रागाने धुमसत समोर बसलेला, आणि हा जेवता जेवता म्हणायचा, "मामा, आज सुरमईचे तुकडे बारीक वाटतायत."

बोलायची सोय नाही म्हणून मी देवाकडे गेलो. आमच्या गावच्या ग्रामदेवतेला कौल लावतात. गुरव देवीच्या दोन्ही खांद्यांवर पाण्यात भिजवलेल्या पाकळ्या चिकटवतो आणि प्रश्न विचारतो. उजवीकडची पाकळी आधी पडली तर होकार, डावीकडची पडली तर नकार. मी सुषमाला आणि मनोहरला बोलावून घेतलं. नारळ ठेवला. गुरवाने विचारलं, "आई, ह्या पोराचा पत्त्यांचा नाद सुटेल काय?" सगळे हात जोडून बघतायत. पाकळ्या हलत नव्हत्या. तेवढ्यात मला माझ्या मागून कुजबुज ऐकू आली. मनोहर माझ्या पुतण्याला म्हणत होता, "डावी पडनार. पन्नासची. लागली?"

आणि डावी पडली.

देवळाच्या बाहेर येऊन तो मलाच म्हणाला, "मामा, देवीच म्हनाली सुटनार नाय. आता मी काय करू?" जिंकलेल्या पन्नासचे त्याने बांगडे आणले आणि स्वतः साफ करून दिले. घरातल्या सगळ्यांनी खाल्ले. मी ताटावरून उठलो.

पुढच्या वर्षीचं तर सांगायलाही जीभ उचलत नाही. माझ्या मागच्या दारी हापूसचं एक कलम आहे. लग्नात ते मी सुषमाला दिलं. झाड माझ्या जागेत, आंबा तिचा. आमच्याकडे मुलीला असं झाड देतात. पौषात एक दिवस दोन माणसं फवारणीचा पंप घेऊन थेट मागच्या दारी. मी ओरडलो, "कोण रे तुम्ही?" त्यांच्याबरोबर राजापूरचा व्यापारी होता. म्हणाला, "काका, ह्या कलमाचा मोहोर मी घेतलाय. मनोहरशेटना पैसे पोचलेत."

मी काय सांगणार होतो? माझा जावई भामटा आहे, असं परक्या माणसाला सांगू? म्हणालो, "हो हो, बोलला होता तो मला. विसरलो." वर त्यांना चहा दिला. वैशाखात तोच व्यापारी येऊन सगळा आंबा उतरवून घेऊन गेला. मी पायरीवर बसून बघत होतो. सुषमाच्या मुलीला, माझ्या नातीला, हापूस आवडतो, म्हणून माझ्याच कलमाचे दोन डझन आंबे मी त्याच्याकडून विकत घेतले. त्याने भावातही सूट दिली नाही.

त्या वेळी मात्र मी मनोहरला विचारलंच. आवाज चढू दिला नाही, पण विचारलं, "हे काय केलंत?"

तो शांतपणे म्हणाला, "मामा, मोहोर विकनं म्हनजे तरी काय? आंबा दिसायच्या आधी त्याने पैसे लावले. अवकाळी आला असता तर तो बुडला असता. तुमी सगळे बागवाले वर्षातून एकदा खेळता, मी रोज खेळतो. येवढाच फरक."

 हे मला अजूनही खोडून काढता येत नाही, आणि त्याचाच मला जास्त राग येतो.

सुषमाला मी किती वेळा घेऊन आलो. पिशवी भरून आणायची, आणि चार दिवस झाले की तिची चुळबुळ सुरू. "बाबा, जाते मी. ते एकटे असले की जास्त खेळतात." मी म्हणायचो, "खेळू दे, मरू दे." ती उठायची. पिशवी उचलायची आणि एसटीला उभी राहायची. पोरगी माझी, हट्ट माझाच, आणि तो माझ्यावरच चालवायची.

इथे पुढचं थोडं आधीच सांगतो, कारण ताणून धरायची मला सवय नाही. मनोहर सुधारला. मधे दोनदा घसरला, एकदा लॉकडाऊनात, तेही मुलीच्या शाळेसाठी घेतलेल्या फोनवर. पण दोन्ही वेळा संध्याकाळ व्हायच्या आत सुषमाला स्वतःच्या तोंडाने सांगितलं. सगळ्यांचे पैसे फेडले. सुषमाच्या गळ्यात पुन्हा सोन्याच्या वाट्या आल्या. जुनी का होईना, रिक्षा घेतली. आणि आता जरा बरे दिवस येतील म्हणताना गेल्या श्रावणात छातीत कळ आली आणि रत्नागिरीला नेईपर्यंत गेला. पन्नाशीही गाठली नाही मेल्याने. इतकी वर्षं त्याच्यावर दात खाल्ले, आणि तो नीट वागायला लागल्यावर चार घास सुखाने खायला बसलो तर पान रिकामं.

दहाव्याला जमलेले लोक मला म्हणत होते, "सासऱ्याने जावयाला मानसात आनला." ते ऐकून माझं डोकंच फिरलं. मी केलं ते सगळं फुकट गेलं होतं. झालं ते वेगळंच, आणि ते माझ्या डोळ्यांदेखत झालं.

दोन हजार एकोणीसचा शिमगा. सुषमाचा फोन आला. "बाबा, मी आता खोटं बोलनार नाय. ते राजापूरला गेले, आजारी हायत, सगळं बास. परवा आमच्याकडे पालखी येतेय. अख्खी वाडी अंगनात असनार, पैसे मागनारेही असनार. जो विचारील त्याला खरं सांगनार. ह्यांना तसं सांगून ठेवलंय."

"आणि मग?"

"मग काय व्हायचं तां होईल."

मी म्हणालो, "मी टेम्पो घेऊन येतो. तू, नात, तुझी भांडीकुंडी. या वेळी कायमची."

 ती म्हणाली, "या." इतक्या वर्षांत पहिल्यांदा ती 'या' म्हणाली होती. मी फोन ठेवला आणि लगेच टेम्पोवाल्याकडे गेलो.

शिमग्याला आमच्याकडे देव देवळात थांबत नाही. पालखीत बसून घरोघर येतो. घरवाली ओटी भरते, आणि गुरव त्या घराचं गाऱ्हाणं देवाला मोठ्याने सांगतो. प्रत्येक वाक्याला जमलेले लोक "होय म्हाराजा" म्हणतात. गाऱ्हाण्यात काय सांगायचं ते घरमालक गुरवाच्या कानात सांगतो. नोकरी लागू दे, मूल होऊ दे, असं काहीबाही. ज्याचं खरं दुखणं असतं ते कोणी गाऱ्हाण्यात घालत नाही. वाडी ऐकत असते ना.

मी पोचलो तेव्हा ढोल वाजत होते. टेम्पो बांधाला लावला. पालखी अंगणात टेकली. खांदा देणाऱ्यांत भिकाजीआबाही होते, त्या वयात. सुषमा ताट घेऊन उभी, चेहरा दगडासारखा. मनोहर दाराच्या चौकटीला टेकलेला. रिक्षा फायनान्सवाल्यांनी महिन्यापूर्वीच ओढून नेली होती. फोन हातात नव्हता, त्यामुळे हात कुठे ठेवायचे हे त्याला कळत नव्हतं.

गुरवाने सुरुवात केली. "बा देवा म्हाराजा, आज ह्या लेकराच्या दारात तुझी पालखी आली."

"होय म्हाराजा!"

"ह्या घरातल्या पोराबाळांना, गुराढोरांना सुखात ठेव."

"होय म्हाराजा!"

गुरवाने कान पुढे केला. मनोहर म्हणाला, "काका, माझं मीच बोलतो." आणि पालखीपुढे येऊन उभा राहिला.

"देवा म्हाराजा, भिकाजीआबांकडून मी म्हशीसाठी म्हनून पैसे घेतले. म्हैस घेतली नाय."

सवयीने सगळे ओरडले, "होय म्हाराजा!" ओरडल्यावर काय ऐकलं ते त्यांच्या लक्षात आलं. ढोलवाल्याचा हात थांबला.

"शेवंतीआक्काकडून सुषमाच्या ऑपरेशनला म्हनून घेतले. ऑपरेशन नव्हतं."

या वेळी आवाज निम्मेच आले. शेवंतीआक्का, समोरच्या घरातली विधवा बाई, बायकांतून पुढे आली. "मेल्या! मी तिच्यासाठी नवस बोलले होते रे! नारळ फोडून आले मी!"

भिकाजीआबा म्हणाले, "तरी मी रोज सकाळी ह्याच्या गोठ्यात बघतोय, म्हैस कुठे बांधतो हा!"

कोणीतरी फिसकन हसलं. मग दुसरा एक जण तिसऱ्याला म्हणाला, "म्हंजे तुझेपन अडकलेत? मला बोलला, फक्त तुझ्याकडेच मागितले." "मलापन तेच बोलला!" अंगणभर कुजबूज पसरली. मनोहर थांबला नाही. एकेक नाव घेत गेला, कोणाला काय खोटं सांगितलं तेही. "सगळे पैसे फोनवर पत्त्यांत घातले," म्हणाला. आणि मग म्हणाला, "सासऱ्याच्या दारचं कलम, त्याचा मोहोर मी राजापूरच्या व्यापाऱ्याला विकला. सासऱ्याने आजपर्यंत कुनाला सांगितलं नाय."

सगळ्या माना माझ्याकडे वळल्या. जे झाकायला मी परक्याला चहा पाजला, माझेच आंबे विकत घेतले, ते याने ढोल थांबवून वाडीला सांगितलं. धरणी फाटली असती तर बरं, असं झालं मला. आणि सांगायला लाज वाटते, त्या गडबडीत माझ्या तोंडून निघालं काय, तर "होय म्हाराजा."

गुरव बिचारा गोंधळला होता. त्याला गाऱ्हाणं पुरं करायचं होतं. म्हणाला, "बाबा, देवाकडे मागनं काय तां सांग."

मनोहर म्हणाला, "मागनं देवाकडे नाय, वाडीकडे हाय. ह्यापुढे मला कुनी पैसे देऊ नका. मी रडलो, पाया पडलो, पोरीची शप्पत घातली तरी देऊ नका. जो देईल त्याला ह्या देवाने विचारावं."

 पालखीपुढे बोललेलं आमच्याकडे कोणी मोडत नाही, आणि हा तर सगळ्या वाडीला बांधून घेत होता. शेवटी भिकाजीआबांचाच आवाज आला, एकट्याचा. "होय म्हाराजा." मग सगळ्यांचा.

पालखी पुढच्या घरी गेली. टेम्पोवाला विचारायला आला, "काका, सामान भरायचं ना?" मी सुषमाकडे बघितलं. ती ताटातलं कुंकू पुसत होती. म्हणाली, "बाबा, आज नको."

"आज नको म्हणजे कधी? टेम्पो काय रोज आणू?"

"तां मला म्हाईत नाय."

"अगं, देवळात कौल लावला तेव्हा काय केलं याने? आजचंही तसंच एक सोंग!"

ती म्हणाली, "तेव्हा तुमी विचारलं होतं, बाबा. आज ते बोलले." आणि आत गेली.

रिकामा टेम्पो घेऊन मी परत आलो. जाण्यायेण्याचं भाडं दिलं. बायकोने विचारलं तर तिच्यावरच खेकसलो. चार दिवसांत सुषमाचा रडत फोन येणार, अशी मला खात्रीच होती.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी पालीला कामावर होतो. एका घराची मागची भिंत उचलायची होती. गडी चिरे उतरवत होते. तेवढ्यात पहिल्या एसटीतून मनोहर उतरला आणि सरळ माझ्याकडे चालत आला. अंगात तोच रिक्षाचा खाकी शर्ट. गड्यांतला एक जण म्हणाला, "मिस्त्री, जावई आले. चहा सांगू?"

मनोहर म्हणाला, "चहा नको. मामा, काम द्या."

मी म्हणालो, "जावईबापू, हे तुमचं काम नाही. चार लोक बघतायत."

"काल सगळ्या वाडीने बघितलंय. आता नवीन काय बघनार?"

"मजुरी?"

"ह्या लोकांना देता तीच. पन माझ्या हातात नको. शनिवारी सुषमाला पोचवा."

 तो ढिगाकडे गेला आणि चिरा उचलायला लागला. त्याला येत नव्हतं. कमरेतून वाकला होता, चिरा गुडघ्यापर्यंत आला आणि सुटला. गडी हसायला लागले. त्याने पुन्हा हात घातला. मी ओळंबा खाली ठेवला, त्याच्याजवळ गेलो, खांद्यावरचा टॉवेल पिळून त्याची चुंबळ केली आणि ती त्याच्या डोक्यावर बसवली. मग एका बाजूने मी धरलं, एका बाजूने त्याने, आणि पहिला चिरा वर चढवला.